पाहुणा आणि गिऱ्हाईक

एखाद्या देशात जागतिक क्रीडास्पर्धा भरावयाची असे ठरले की तेथे प्रथम मोजमापांना सुरुवात होते. मैदाने किती, त्यांत बैठका किती, विमानतळावर दिवसाला किती माणसे उतरू शकतील, हॉटेलांत खोल्या किती, रस्ते कितपत रुंद, ह्या साऱ्यांची टिपणे होतात. मोजण्यासारख्या गोष्टी मोजणे रास्तच आहे. परंतु स्पर्धा संपून खेळाडू आणि प्रेक्षक आपापल्या घरी परतले म्हणजे त्यांच्या आठवणीत बहुधा न मोजता येणारी एक गोष्ट उरते : त्या देशातील साध्या माणसांनी आपल्याला कसे वागवले, ही. पाहुण्याला वागवण्याची प्रत्येक समाजाची एक जुनी रीत असते. ती रीत ह्या नव्या, प्रचंड पाहुणचाराला पुरी पडते काय, ह्याचा विचार गोव्यासारख्या प्रदेशाने करणे अगत्याचे आहे.

कारण गोव्याच्या दारी असे पाहुणे अलीकडे वारंवार येऊ लागले आहेत. जानेवारी २०१४ मध्ये, पोर्तुगीज भाषेशी इतिहासाने जोडल्या गेलेल्या देशांच्या लुसोफोनिया क्रीडास्पर्धा येथे भरल्या. ऑक्टोबर २०१७ मध्ये सतरा वर्षांखालील मुलांची जागतिक फुटबॉल स्पर्धा भारतात झाली. तिच्या सहा यजमान नगरांपैकी मडगाव हे एक होते. फातोर्ड्याच्या मैदानावर जर्मनी, इराण, गिनी आणि कोस्टा रिका येथील मुले खेळली, आणि १० ऑक्टोबरला तेथेच इराणने जर्मनीसारख्या मातब्बर संघाला ४-० असे नमवले. २०२२ च्या ऑक्टोबरात मुलींच्या तशाच स्पर्धेचे दोन्ही उपान्त्य सामने फातोर्ड्यास झाले. २०२५ च्या ऑक्टोबर-अखेरीस बुद्धिबळाच्या विश्वचषकासाठी २०६ खेळाडू बारदेशातील हडफडे येथे जमले आणि ती स्पर्धा नोव्हेंबरच्या अखेरपर्यंत चालली.

ह्यांपैकी एकही सामना पेडणे तालुक्यातील मोरजीला झाला नाही. तरीही आतिथ्याचा विचार करावयास मोरजीइतके सोयीचे गाव विरळाच. शापोरा नदी जेथे समुद्राला मिळते तेथे, तिच्या उत्तर तीरावर, मोरजाई देवीचे हे गाव वसले आहे. पलतीरावरच्या टेकडीवर शापोऱ्याचा किल्ला दिसतो. शेती, माड आणि मासेमारी ह्यांवर पिढ्यान्‌पिढ्या जगलेल्या ह्या गावात गेल्या काही दशकांत दर हिवाळ्याला परदेशी माणसे, विशेषतः रशियातील, इतक्या संख्येने येऊ लागली की दुकानांच्या पाट्यांवर रशियन अक्षरे दिसू लागली. जानेवारी २०२३ मध्ये मोपा येथील मनोहर आंतरराष्ट्रीय विमानतळावरून विमाने उडू लागल्यावर तर जगाचे दार ह्याच तालुक्यात उघडले. इतर ठिकाणी स्पर्धेच्या निमित्ताने चार आठवडे जे घडते, ते मोरजीला दर वर्षी चार-पाच महिने घडत असते.

पेडण्याकडच्या घराची जुनी रीत कशी होती, ते आधी पाहू. उन्हातून कोणी अंगणात आला की घरातून पहिल्याने 'येवा' असा शब्द येई. पायांवर घ्यावयास पाणी, बसावयास ओसरीची जागा, आणि मग तांब्याभर पाणी व गुळाचा खडा. कोण, कुठला, काय काम काढलेत, हे प्रश्न त्यानंतरचे. ह्या क्रमात मोठा अर्थ आहे. घामाने थकलेल्या शरीराला गुळातील साखर लवकर तरतरी देते, हा त्यातला व्यवहार. खडा चघळीत, घोट घोट पाणी पिताना माणूस घटकाभर स्वस्थ बसतो आणि तेवढ्यात यजमान व आगंतुक एकमेकांना न्याहाळून घेतात, ही त्यातली युक्ती. पण ह्याहून महत्त्वाची गोष्ट अशी की पाणी देण्यासाठी माणसाची योग्यता तपासली जात नाही. तहान लागली आहे, एवढीच त्याची योग्यता.

ख्रिस्ती घराच्या बल्कांवातही हेच चाले. रस्त्याकडे तोंड करून बांधलेली ती दगडी बैठक म्हणजे येणाऱ्या-जाणाऱ्याला दिलेले उघडे आमंत्रणच. चवथीला हिंदू घरातल्या नेवऱ्या शेजारच्या ख्रिस्ती घरी जात आणि नाताळात कुसवाराचे ताट उलट वाटेने येई. गावच्या जत्रेला नाटक घेऊन येणारी दशावतारी मंडळी गावाने सांभाळावयाची, त्यांच्या मुक्कामाची व जेवणाची सोय पाहावयाची, हेही ह्याच रीतीचे अंग. मध्यरात्री राजाच्या वेशात सिंहासनावर बसलेला नट पहाटे मुखवट उतरल्यावर गावचा पाहुणा होई.

शब्दही पुष्कळ सांगून जातात. मराठीत 'सोयरा' म्हणजे नातलग. गोव्याच्या बोलीत 'सोयरो' म्हणजे नातलग आणि पाहुणा दोन्ही. घरी आला तो नात्यात आला, असा हा हिशेब. 'अतिथि' ह्या संस्कृत शब्दाचा परंपरेने दिलेला अर्थ मात्र थोडा वेगळा आहे : ज्याच्या येण्याला तिथी नाही आणि जो पुरती तिथीभरही राहात नाही तो. म्हणजे पाहुण्याला देवाच्या पंक्तीत बसवणाऱ्या आपल्या पूर्वजांनी त्याच्या मुक्कामाला मर्यादाही घालून ठेवली होती. यजमानाने नाव न विचारता पाणी द्यावे. पाहुण्याने घरची वेळ पाहावी, पानात पडेल त्याला नावे ठेवू नयेत, न सांगता माजघरात शिरू नये, आणि योग्य वेळी निघावे. आतिथ्य हा असा दोन्ही बाजूंनी पाळावयाचा करार होता.

जगात इतरत्रही हाच अनुभव येतो. ग्रीक भाषेत परका आणि पाहुणा ह्यांना एकच शब्द आहे, 'झेनोस'. आणि पाहुण्याचा अपमान म्हणजे साक्षात झ्यूस देवाचा अपमान, असे ते लोक मानीत. ऑलिंपियाच्या प्राचीन क्रीडोत्सवासाठी दूरदूरच्या नगरांतून येणाऱ्यांचा प्रवास सुखरूप व्हावा म्हणून शस्त्रसंधी घोषित होत असे. क्रीडास्पर्धा आणि आतिथ्य ह्यांची सांगड इतकी जुनी आहे. बायबलात अब्राहाम भर दुपारी आपल्या तंबूच्या दाराशी बसलेला असता तीन अनोळखी माणसे दिसतात. तो धावत सामोरा जातो, पाय धुण्यास पाणी मागवतो, झाडाखाली बसवून त्यांना जेवू घालतो. आपण कोणाची सेवा केली, हे त्याला नंतर कळते. संत बेनेडिक्टच्या नियमावलीत मठाच्या दारी येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याचे स्वागत प्रत्यक्ष ख्रिस्तच आला असे समजून करावे, असे सांगितले आहे. परंतु त्याच नियमावलीत पाहुण्यांमुळे मठवासीयांची शांतता ढळू नये म्हणून व्यवस्थाही घालून दिली आहे. दार उघडे, पण घराची घडी मोडावयाची नाही.

ह्या जुन्या रीतीचे गुणगान करताना तिच्या उणिवा झाकून चालणार नाही. ओसरीवर कोणी यावे, अंगणात कोणी थांबावे आणि कुंपणाबाहेरच कोणी उभे राहावे, हे पूर्वी जात ठरवीत असे. कित्येकांच्या ओंजळीत पाणी वरून ओतले जाई. हिंदू आणि ख्रिस्ती शेजारी एकमेकांच्या सणाला शिधा, नारळ, फळे पाठवीत त्यातही स्नेहाबरोबर विटाळाचे भान असे. शिजलेले अन्न चालणार नाही, हे दोन्ही बाजूंस ठाऊक असे. दुसरी उणीव चुलीपाशी होती. पाहुणचाराचा मान ओसरीवर बसलेल्या पुरुषाला मिळे. अवेळी आलेल्या चार माणसांसाठी पुन्हा तांदूळ वैरणारी, नारळ खवणारी आणि शेवटी उरलेल्या कढीवर भागवणारी बाई कोणाच्या डोळ्यांसमोर नसे. क्रीडांगणाने ह्यांपैकी पहिली उणीव पुष्कळशी दूर केली आहे. तिकीट घेऊन बसलेल्या माणसाला शेजारच्याची जात विचारण्याची सोय नाही, आणि गोल झाल्यावर कोणी कोणाला मिठी मारली ह्याची चौकशीही कोणी करीत नाही. नव्याकडून घ्यावयाचे ते हेच.

नव्या स्पर्धांनी आतिथ्याला आणखी एक वेगळे बळ दिले आहे. १७८८ साली पेडणे महाल सावंतवाडीकर भोसल्यांकडून पोर्तुगिजांच्या हाती गेला, तो १९ डिसेंबर १९६१ पर्यंत त्यांच्याकडे राहिला. निघण्याची वेळ न ओळखणारा आगंतुक काय करू शकतो, ह्याचा हा धडा. पुढे ५२ वर्षांनी, २०१४ साली, पोर्तुगालचे खेळाडू गोव्यात आले ते बोलावलेले पाहुणे म्हणून. त्यांच्या सोबतीला मोझांबिक, अंगोला, मकाव येथील खेळाडू होते, म्हणजे एकेकाळी त्याच सत्तेखाली नांदलेल्या भूमीची मुले. एका रांगेत चालणाऱ्या ह्या पथकांचा यजमान गोवा होता. स्वागत करण्याचा अधिकार ज्याच्याकडे असतो तोच घराचा धनी असतो. आणि सत्ता गेल्यावर उरलेला कडवटपणा धुवावयास यजमान-पाहुणा ह्या नात्याइतके सौम्य साधन दुसरे नाही.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. स्पर्धेच्या निमित्ताने किंवा हिवाळ्याच्या निमित्ताने येणारा परदेशी मनुष्य हा पाहुणा की गिऱ्हाईक? तो खोलीचे भाडे देतो, जेवणाचे पैसे देतो, गाडीचे पैसे देतो. त्यात कमीपणा काही नाही. मोरजीतल्या कित्येक घरांना ह्या पैशाने पक्की छपरे दिली, मुलांची शिक्षणे केली, आणि एरवी आखातात किंवा बोटीवर गेले असते असे काही तरुण गावातच राहिले. पूर्वी ज्या श्रमांना नावही नव्हते त्या स्वयंपाकघरातील श्रमांना काही ठिकाणी आता दाम मिळतो. पैसा आला म्हणून आतिथ्य संपले, असे म्हणणे हे ज्यांच्या पोटाला चिमटा बसत नाही त्यांचे बोलणे झाले.

परंतु पाहुणा आणि गिऱ्हाईक ह्यांत एक भेद आहे, आणि तो पैशाचा नाही. गिऱ्हाइकाला दुकानदार नाही म्हणू शकत नाही. म्हटले तर ते पुढच्या दुकानात जाते. पाहुण्याला मात्र यजमान प्रेमाने नाही म्हणू शकतो. 'दमला असाल, आधी बसा' असे जसे तो म्हणतो, तसेच 'आता दिवे मालवावयाची वेळ झाली' असेही म्हणू शकतो. गिऱ्हाईक राजा असते असे व्यापारी सांगतात. पाहुणा तर देव; पण देवालाही देवघराचे सोवळे असते. जे गाव स्वतःस केवळ दुकान समजू लागते ते पैसा मिळवते, परंतु घराचे नियम सांगण्याचा आपला हक्क हळूहळू गमावून बसते. मग रात्रीच्या संगीताचा आवाज किती असावा, विहिरीतले पाणी कोणी किती उपसावे, वाळूवर पक्के बांधकाम कुठवर यावे, हे सारे गिऱ्हाईक आणि पैसे गुंतवणारा परका धनी ठरवतो. म्हणून जुने आतिथ्य जपणे हा केवळ गोडव्याचा प्रश्न नाही. गावाच्या मालकीचा प्रश्न त्यात गुंतलेला आहे.

एका लहान पण धनाढ्य देशाने हा पेच कसा हाताळला, ते पाहण्यासारखे आहे. २०२२ च्या २० नोव्हेंबरपासून १८ डिसेंबरपर्यंत कतारमध्ये फुटबॉलचा विश्वचषक झाला. अरबांच्या घरी पाहुण्यासाठी 'मजलिस' नावाची बैठकीची जागा असते. तेथे वेलदोडे घातलेली कडू कॉफी आणि खजूर देऊन स्वागत होते. कॉफीचा पेला इवलासा, त्यातही थोडीच ओततात. पाहुण्याने पेला हलवून 'पुरे' अशी खूण करीपर्यंत पुन्हा पुन्हा देतात. मजलिस आणि ही कॉफी ह्या दोहोंची नोंद २०१५ साली युनेस्कोने मानवजातीच्या अमूर्त वारशात केली. स्पर्धेचे उद्घाटन ज्या अल बैत मैदानात झाले त्याचा आकारही वाळवंटातील भटक्या अरबांच्या तंबूसारखा आहे. दाराशी आलेल्यास तंबूत घ्यावयाचे, ही अब्राहामाच्या काळची खूण त्यांनी पोलाद-काँक्रीटच्या युगात आणली. त्याच कतारने स्पर्धेला दोन दिवस उरले असता मैदानांच्या आवारात बियरविक्री बंद केली. अनेक पाहुणे रागावले, शेवटच्या क्षणी शब्द फिरवल्याचा आरोप झाला. पण खेळ सुरळीत पार पडला. घरचा नियम आधी सांगितला असता तर रागही आला नसता, हा त्यातला एक बोध. दुसरा बोध अधिक गंभीर आहे. ती मैदाने आणि रस्ते बांधले ते भारत, नेपाळ, बांगलादेश येथून गेलेल्या मजुरांनी, आणि त्यांच्या हालांविषयी जगभर टीका झाली. ओसरीवरच्या पाहुण्याला कॉफी देताना परसदारी राबणाऱ्याला पाणी मिळते की नाही, हे ज्या यजमानाने पाहिले नाही त्याचे आतिथ्य अर्धे राहिले, असेच म्हणावे लागेल. पेडण्यातील हॉटेले आणि बांधकामे ह्यांवर आज परप्रांतीय मजूरही राबतात; तेही गावाचे पाहुणेच होत.

पाहुण्याला आपण काय दाखवू इच्छितो, ह्यापेक्षा त्याला काय हवे आहे हे ओळखणे ही आतिथ्याची खरी कसोटी. हडफड्याला जमलेल्या बुद्धिबळपटूंना काय हवे होते? ढोल-ताशे नव्हेत, शांतता. ज्या खेळाचे मूळ भारतातील चतुरंगात सापडते, त्याच्या माहेरी येऊन हे खेळाडू तासन्‌तास एका पटाकडे पाहात बसले. शिवाय ही स्पर्धा बाद पद्धतीची होती. पहिल्या फेरीनंतर १२८ जण उरले, मग ६४, मग ३२. अखेर उझबेकिस्तानचा एकोणीस वर्षांचा जवोखिर सिंदारोव विजयी झाला. म्हणजे २०६ पाहुण्यांपैकी एकच जण अपराजित परतला आणि बाकीचे सारे कोणत्या ना कोणत्या पराभवाचे दुःख घेऊन निघाले. जेत्याचा सत्कार जग करते. हरून पहाटेच्या विमानाला निघालेल्या मुलाला 'पुन्हा या' असे कोण म्हणते, ह्यावरून यजमान ओळखावा. आपल्या जुन्या रीतीत निरोपाला स्वागताइतकेच महत्त्व होते. पाहुण्याला वाटेपर्यंत पोचवावयाचे, रिकाम्या हाताने जाऊ द्यावयाचे नाही, निदान घरच्या माडाचा एक नारळ तरी हाती द्यावयाचा.

शांतता मागणारा असाच एक पाहुणा मोरजीला दर वर्षी येतो, आणि तो माणसांच्या कितीतरी आधीपासून येत आहे. समुद्रातील ऑलिव्ह रिडले जातीची कासवी थंडीच्या दिवसांत रात्री टेंबवाड्याच्या वाळूवर चढते, मागच्या पायांनी खड्डा करते, शंभराच्या आसपास अंडी घालते, वाळू लोटून ती झाकते आणि मागे न पाहता समुद्रात परतते. सुमारे ४५ ते ६० दिवसांनी पिले बाहेर येतात आणि उजळ क्षितिजाच्या रोखाने, म्हणजे रात्रीच्या काळोखात चमकणाऱ्या समुद्राकडे, धाव घेतात. किनाऱ्यावर विजेचे दिवे असले तर ती फसतात आणि उलट जमिनीकडे चालू लागतात. ज्या किनारपट्टीवर मादी जन्मली तिकडेच ती मोठेपणी अंडी घालावयास येते, असे शास्त्रज्ञ सांगतात. तेव्हा तिला पाहुणी म्हणण्यापेक्षा माहेरवाशीण म्हणणेच योग्य.

पूर्वी गावकरी ही अंडी उकरून बाजारात विकीत. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने ह्या कासवाला पहिल्या अनुसूचीचे संरक्षण दिले. परंतु केवळ कायद्याने वाळूवर पहारा होत नाही. गेल्या शतकाच्या अखेरच्या वर्षांत वनखात्याच्या मदतीने मोरजीतील माणसेच घरट्यांची राखण करू लागली. जे हात अंडी उकरीत त्याच गावचे हात आता त्यांभोवती कुंपण घालतात आणि रात्र जागवतात. ह्या माहेरवाशिणीकडून दाम मिळत नाही. तिला हवा असतो काळोख, शांतता आणि थोडी मोकळी वाळू. नेमक्या ह्याच महिन्यांत गिऱ्हाईक लख्ख दिवे, मोठे संगीत आणि वाळूवर मांडलेल्या खाटा मागते. दोघांच्या मागण्यांत निवाडा करण्याची पाळी गावावर येते तेव्हा दुकानदाराकडे उत्तर नसते, यजमानाकडे असते. 'आमच्या घरी बाळंतीण आहे, आवाज हळू ठेवा,' असे कोणत्याही सभ्य पाहुण्याला सांगितले तर तो आवाज हळू करतो. किंबहुना असे काही पाहावयास मिळाले म्हणून तो धन्यता मानतो. दूरदेशीचे कित्येक प्रवासी पिले समुद्रात सोडण्याचा क्षण पाहावयास पहाटे वाळूवर मुकाट उभे राहतात, ते ह्याचेच प्रत्यंतर होय.

जागतिक स्पर्धा पुढेही गोव्यात भरतील. मैदाने बांधणारे, दिवे लावणारे, तिकिटे छापणारे तज्ज्ञ आणता येतात. घर कसे चालते हे मात्र घरच्यांनीच सांगावयाचे असते. पंचायतीने, शाळेने, खोल्या भाड्याने देणाऱ्या प्रत्येक कुटुंबाने आपल्या गावचे चार नियम आधीच, स्पष्ट आणि हसतमुखाने पाहुण्याला सांगितले, तर त्यात उद्धटपणा नाही. उलट तुला आम्ही घरातला समजतो, असाच त्याचा अर्थ होतो. उन्हातून आलेल्याला गूळ-पाणी द्यावयाचे ते ह्याच विश्वासाने.

आपल्याकडे पाहुणा निघताना 'जातो' असे म्हणत नाही, 'येतो' असे म्हणतो. यजमानही 'या' म्हणूनच निरोप देतो. स्पर्धेचे हिशेब मांडताना ह्या दोन शब्दांचाही जमाखर्च पाहावा. पाहुण्याला मनापासून 'येतो' म्हणावेसे वाटले, आणि गावालाही मनात काही न ठेवता 'या' म्हणता आले, तर आतिथ्य पुरे पडले असे समजावयास हरकत नाही.